माग ठेवणारी फाईल

"सापडत नाही म्हणजे?" मी विचारलं. "काल दुपारी तर लिहीत होते अण्णा."

"अक्का, जरा गप बस. बघू दे मला."

माझा धाकटा भाऊ चन्नवीर रात्रभर बसनं बंगळूरहून आला होता आणि तोंडही न धुता कॉम्प्युटरसमोर बसला होता. स्क्रीनवर एक राखाडी चौकट होती. तिच्यात इंग्रजीत लिहिलं होतं की प्रोग्रॅम सुरू होऊ शकत नाही, कारण अमुक नावाची फाईल सापडत नाही. पुन्हा इन्स्टॉल करून बघा. फाईलच्या नावात 'ट्रेस' अशी अक्षरं होती आणि शेवटी 'डीएलएल'. खाली एकच बटण, 'ओके'. त्यात ओके म्हणण्यासारखं काय होतं, ते मला आजही कळलेलं नाही.

आमच्या मागे पलंगावर अण्णा, आमचे वडील, श्वास घेत होते. त्या सकाळी त्यांचं तेवढं एकच काम चाललं होतं. प्रत्येक श्वासाला गळ्याखालचा खळगा आत ओढला जायचा आणि कपाळावर घाम यायचा. आमची आई, तिला आम्ही अव्वा म्हणतो, उशाशी बसून तो घाम टिपत होती. आम्ही आल्यापासून ती एक शब्द बोलली नव्हती, पण अशा वेळी कोण काय बोलणार, म्हणून माझं तिकडे लक्षच गेलं नाही.

अण्णा म्हणजे गुरुसिद्ध म्हेत्रे. तासगावच्या बेदाण्याच्या बाजारात एका अडत दुकानात ते सौदे पुकारायचे. बेदाण्याचा ढीग पुढ्यात आणि चारी बाजूंनी व्यापारी ओरडताहेत, त्यातून ह्यांचा आवाज पार रस्त्यापर्यंत जायचा. घरीसुद्धा मीठ मागायचं तरी पुकारल्यासारखं मागायचे. मग आधी त्यांची जीभ जड झाली. मिरजेच्या डॉक्टरांनी आजाराचं लांबलचक नाव सांगितलं आणि पुढं काय होत जाईल तेही सांगितलं, आणि तसंच होत गेलं. हात गेले, पाय गेले, मान गेली. डोकं मात्र शाबूत राहिलं, आणि डाव्या पायाचा अंगठा. तोही एवढासाच हलायचा की डोळ्यांना दिसत नसे, त्याखाली लावलेल्या बटणालाच कळायचं.

ते बटण आणि त्यामागचा प्रोग्रॅम चन्नूनं केला होता. प्रोग्रॅमचं नाव त्यानं 'बोल' ठेवलं होतं. स्क्रीनवर अक्षरांच्या ओळी एकामागून एक उजळायच्या. हवी ती ओळ आली की अण्णा अंगठा दाबायचे, मग त्या ओळीतली अक्षरं उजळायची, पुन्हा दाबायचे. अक्षर उमटलं की 'टिक' असा आवाज यायचा. चुकलं तर खोडायची सोय होती, तिचा आवाज जाडा, 'टुंग'. लिहून झालं की घंटी. एक साधं वाक्य लिहायला आमचा एक चहा व्हायचा. पण त्या चहानंतर अण्णा बोलायचे, शिव्यासुद्धा द्यायचे.

आणि आता तो प्रोग्रॅम लागत नव्हता.

"दुसऱ्या कशात तरी ते बटण चालव की," मी म्हटलं. "माऊससारखं. एकदा दाबलं तर होय, एवढं तरी कळेल."

"ते माऊस नाही गं. मी घरी जोडून केलेलं आहे, मागच्या जुन्या पोर्टला लावलंय. 'बोल' सोडून कुणालाच त्याची भाषा कळत नाही." त्यानं डोळे चोळले. "अव्वा, मशीनला कुणी हात लावला होता का?"

अव्वानं अण्णांच्या कपाळावरचा रुमाल उलटा केला. "सकाळपासनं लागंना झालंय," ती म्हणाली. हे विचारलेल्याचं उत्तर नव्हतं. पण आम्ही दोघांनी ते उत्तर म्हणून घेतलं.

नदाफ डॉक्टर आले तेव्हा उन्हं अंगणात आली होती. दोन गल्ल्या पलीकडे त्यांचा दवाखाना. अण्णांकडे ते डॉक्टर म्हणून कमी आणि ऐकायला म्हणून जास्त यायचे. त्यांनी छाती तपासली, नखं बघितली आणि आम्हाला दारापर्यंत घेऊन गेले. पण आवाज खाली केला नाही.

"अण्णांना ऐकू येतंय, म्हणून त्यांच्यासमोरच बोलतो. छातीचे स्नायू दमलेत. संध्याकाळपर्यंत ते ओढतील असं मला वाटत नाही. मिरजेला नेलं तर आधी तोंडातून नळी घालतील, मग गळ्याला भोक पाडून श्वास मशीनवर. ते मशीन पुढं घरी येईल, कायमचं. नेलं नाही तर त्रास होऊ नये म्हणून औषधं मी इथं देईन, शेवटपर्यंत इथंच बसेन. अँब्युलन्स सांगून ठेवलीय. पण काय करायचं ते त्यांनी सांगायला हवं."

डॉक्टरांनी हे आधीही विचारलं होतं, महिन्याभरापूर्वी. तेव्हा अण्णांनी लिहिलं होतं: वेळ आली की सांगतो. तोवर कुणी मध्ये पडू नका. वेळ आली होती आणि त्यांचं तोंड बंद होतं.

"पापण्यांनी विचारून बघा," मी म्हटलं.

डॉक्टर पलंगाशी गेले, वाकले. "अण्णा, मिरजेला न्यायचं असेल तर डोळे मिटा."

अण्णांच्या पापण्या खाली आल्या. डॉक्टरांनी थोडं थांबून पुन्हा विचारलं, "अण्णा, न्यायचं नसेल तर डोळे मिटा."

पापण्या पुन्हा खाली आल्या. गेल्या काही आठवड्यांत त्या आपल्या आपणच पडायच्या, पुन्हा उचलायला अण्णांना कष्ट पडायचे.

"ह्याच्यावर मी माणूस इकडं-तिकडं करू शकत नाही," डॉक्टर म्हणाले. "चन्नू, तुझं ते यंत्र किती वेळात चालू होईल?"

"बघतो," चन्नू म्हणाला. दुसरं तो काय म्हणणार होता!

त्यानं काय काय केलं ते मी शेजारी उभी राहून बघत होते. आधी मशीन बंद करून चालू केलं. चौकट तीच. मग अँटिव्हायरसनं ती फाईल खाल्ली का ते पाहिलं, खाल्ली नव्हती. कॉम्प्युटरमधल्या कचऱ्याच्या डब्यात पाहिलं, डबा रिकामा. मग त्यानं बंगळूरच्या मित्राला फोन लावला. 'बोल'ची मूळ प्रत त्याच्या खोलीवरच्या कॉम्प्युटरवर होती आणि मित्र कंपनीत. तो निघून, खोलीवर जाऊन, फाईल पाठवेपर्यंत दुपार कलली असती.

"एवढीशी फाईल नाही तर अख्खा प्रोग्रॅम बंद?" मी कुजबुजले. "असली कसली ती?"

"विंडोजबरोबर येतात तसली. लायब्ररी म्हणतात. माग ठेवायला." तो टाईप करताकरता बोलत होता. "'बोल' मधूनच अडकायचा, आठवतं? का अडकतो ते इथं बसून कळणार नाही म्हणून मी ती जोडली. प्रोग्रॅमनं कधी काय केलं ते ती लिहून ठेवते. अक्षरं उमटवायच्या कामाशी तिचा काडीचा संबंध नाही. पण प्रोग्रॅम उघडताना तिला हाक मारतो. ती नसली की पुढं पाऊल टाकत नाही."

"म्हणजे नुसतं बघत बसणारी फाईल."

"हो. नुसतं बघत बसणारी."

मग त्यानं नेटवर शोधून कुठल्याशा साईटवरून त्याच नावाची फाईल उतरवायला घेतली. आमच्या तेव्हाच्या नेटवर ती हिरवी पट्टी अशी सरकत होती की मला उठून ढकलावीशी वाटली. मागे अण्णांचा श्वास, पुढं ती पट्टी. एकदा श्वासात मोठा खंड पडला आणि आम्ही दोघंही वळलो. डॉक्टरांनी हात वर करून 'आहे' अशी खूण केली. फाईल उतरली. चन्नूनं ती जागेवर ठेवली, 'बोल'वर टिचकी मारली.

चौकट आली, पण वेगळी. आता म्हणत होती की फाईल आहे, पण तिच्यात जे हवं ते नाही.

"नाव तेच, आत भलतंच," चन्नू म्हणाला. त्यानं ती काढून टाकली, दुसऱ्या साईटवरची उतरवली. पुन्हा तेच. तिसऱ्या साईटनं फाईलबरोबर स्क्रीनभर जाहिराती आणून ओतल्या, त्या बंद करण्यात आणखी वेळ गेला. शेवटी त्यानं कीबोर्ड पुढं सारला आणि मला म्हणाला, "अक्का, जरा मागच्या दारी ये."

मागच्या दारी अव्वाची तुळस आणि धुण्याचा दगड. चन्नू दगडावर बसला. आमच्या घरात लहानपणापासून रडायची जागा तीच, त्यामुळं तो बसला तेव्हाच मला कळलं की पुढं काही चांगलं नाही.

"यंत्राची वाट बघण्यात अर्थ नाही," तो म्हणाला. "अण्णांना मशीन नकोय."

"तुला कुणी सांगितलं?"

"त्यांनीच."

"कधी? मी रोज इथं येते. मला एका अक्षरानं बोलले नाहीत."

"बोलले नाहीत. लिहून खोडलं." त्यानं माझ्याकडे बघितलं नाही. "ती माग ठेवणारी फाईल सगळंच टिपते, अक्का. उमटलेलं प्रत्येक अक्षर, खोडलेलंसुद्धा. नेट लागलं की ते सगळं माझ्याकडे आपोआप यायचं. मी आधी फक्त कुठं अडकलं तेवढंच बघत होतो. मग... मला अण्णांचा आवाज ऐकून किती दिवस झाले होते! तिथं ते दिवसभर बोलत होते. मी रोज रात्री वाचायला लागलो. तू दुपारी घरी गेलीस, अव्वा आत असली, की ते लिहायचे. आता पुरे. सोडवा. मला मोकळं करा. आणि खोडून टाकायचे. मग तुम्हाला लिहायचे, ताकात मीठ कमी आहे."

मला काय वाटलं ते सरळ सांगते. आधी राग आला, इतका की त्याच्या कानशिलात द्यावीशी वाटली. दुसऱ्याच क्षणी मला ते पटलंही. अण्णांच्या जागी मी असते तर मीही तेच लिहिलं असतं. खोडलंही असतं.

"खोडलंय ना पण?" मी म्हटलं. "बाजारात तोंडातून गेलेला प्रत्येक आकडा धरला असता तर सगळे व्यापारी देशोधडीला लागले असते. अण्णाच सांगायचे, शेवटच्या पुकाऱ्यावर सौदा तुटतो, आधीचे नुसते आवाज."

"हा सौदा नाही, अक्का! एकदा नाही लिहिलं त्यांनी, पुन्हा पुन्हा लिहिलंय. आपल्याला वाईट वाटू नये म्हणून खोडलं. आणि आता आपण त्यांच्या गळ्याला भोक पाडून त्यांना वर्षानुवर्षं तसंच निजवून ठेवायचं? त्यांना काय वाटतं ते माहीत असून?"

आम्ही आत आलो तेव्हा बाहेर अँब्युलन्सचं दार आपटल्याचा आवाज झाला. डॉक्टर घड्याळाकडे बघत नव्हते, पण बघत नाहीत हे दिसत होतं.

चन्नू पलंगाच्या पायथ्याशी उभा राहिला. "डॉक्टर," तो म्हणाला. "नाही नेत आपण. अण्णांची इच्छा मला माहीत आहे. तुम्ही औषध द्या."

"नंदा?" डॉक्टरांनी मला विचारलं. "वहिनी? सगळ्यांचं एकच म्हणणं आहे का?"

मी तोंड उघडलं, पण काय बोलणार होते ते मला खरंच आठवत नाही. डॉक्टरांनी खाली ठेवलेली बॅग उचलून खुर्चीवर घेतली. तिची चेन उघडल्याचा आवाज आला.

"थांबा," अव्वा म्हणाली.

ती उठून उभी राहिली. पदर सावरला, तोंड चन्नूकडे केलं, आणि मग मान खाली घातली.

"ती फाईल मी काढलीया."

चन्नूला कळलंच नाही. "कुठली फाईल?"

"तीच. तू मघापासनं हुडकतोयस ती."

"तू? तू कशाला..."

"ह्यांनी सांगितलं म्हणून." अव्वानं अण्णांकडे बघितलं, जणू बोलू का असं विचारत होती. "परवा ऐतवारी तुझा फोन आला. मी तो ह्यांच्या कानाशी धरला. तू म्हणालास, अण्णा, मरायच्या गोष्टी कशाला काढता? आठवतंय? ह्यांनी तसलं मला कधी सांगितलं न्हवतं, अक्काला न्हवतं. कुणालाच न्हवतं. फोन ठेवला आणि ह्यांनी दिवसभर एक अक्षर लिहिलं न्हाई. काल सांजच्याला लिहिलं, ह्यात माग ठेवणारं काहीतरी हाय, ते काढ."

अव्वा बोलायला लागली ती आता थांबत नव्हती.

"मला म्हणाले, ते फोल्डर उघड आणि एकेका नावावर बाण ने. मी नेला. त्या नावावर आले तशी ह्यांनी घंटी वाजवली. मी पुसायला गेले तर पुसेना, वापरात हाय म्हणाला कॉम्प्युटर. मग ह्यांनी लिहिलं, प्रोग्रॅम बंद कर, काढ, परत चालू कर. तसं केलं. आणि परत काय तो चालूच झाला न्हाई."

"मग तेव्हाच परत ठेवायची ना, अव्वा! नाहीतर मला सांगायचं! सकाळपासून मी..."

"कशी ठेवू?" अव्वा ओरडली. आमची आई ओरडलेली मी त्याआधी ऐकली नव्हती. "परत ठेवावी तर ह्यांनीच काढायला लावलेली. ठेवू का म्हणून ह्यांना विचारावं, तर ती असल्याबिगर ह्यांना बोलता येईना! आणि तुला काय सांगू, बापाला तुझा राग आलाय म्हणून? रात्रभर बसनं आलास तू."

अण्णांच्या श्वासाचा आवाज खोलीभर होता.

"पुसलीस म्हणजे गेलीच ना ती," चन्नू हळूच म्हणाला.

"पुसली कुठं?" अव्वानं कनवटीला हात घातला. "तू केलेलं, माझ्याच्यानं पुसवंना. कट करून ह्याच्यात ठेवली." तिच्या तळहातावर भजनांचा पेन ड्राइव्ह होता. फुटकं बटणसुद्धा न टाकणारी ती बाई. नवऱ्याचा शब्दही राखला आणि पोराची फाईलही राखली, आणि दोन्हींच्या मध्ये रात्रभर एकटी बसली होती.

चन्नूनं पेन ड्राइव्ह घेतला, पण लावला नाही. आधी अण्णांच्या तोंडासमोर गुडघ्यांवर बसला, त्यांना दिसेल असा.

"अण्णा, फाईल परत ठेवतोय. ती असल्याशिवाय चालू होणार नाही, नाहीतर ठेवली नसती." त्यानं हात लांब करून नेटची वायर उपसली आणि त्यांना दाखवली. "ही काढली. आता मला काही येणार नाही. जे लिहिलं जाईल ते मी वाचणार नाही, आज रात्रीच ते लिहून ठेवणंही बंद करतो. चालेल का ते विचारायला लागतं, पण विचारता येत नाही. मग तुम्ही रागवा नंतर."

अण्णांच्या पापण्या पडल्या. त्याचा अर्थ काहीही असू शकत होता.

फाईल जागेवर गेली. चन्नूनं टिचकी मारली. या वेळी चौकट आली नाही. अक्षरांच्या ओळी उजळू लागल्या, वरून खाली, पुन्हा वरून खाली. आम्ही चौघं बघत होतो. ओळी दोनदा फिरल्या, तीनदा फिरल्या, आणि मला वाटलं, अंगठाही गेला.

टिक.

एक अक्षर. मग दुसरं. अण्णांना इतका वेळ लागलेला मी कधी पाहिला नव्हता. 'बाहेर' एवढा एक शब्द झाला आणि घंटी वाजली.

"बाहेर?" चन्नू म्हणाला. "बाहेर न्यायचं?"

"आपण बाहेर जायचं," मी म्हटलं. मला त्यांचा स्वभाव माहीत होता.

"एकट्याला ठेवता येणार नाही," डॉक्टर म्हणाले. "नाडीला हात हवा." मग त्यांनी जे केलं ते मी कधी विसरणार नाही. त्यांनी खुर्ची ओढली, स्क्रीनकडे पाठ करून भिंतीकडे तोंड केलं, हात मागे नेऊन अण्णांचं मनगट धरलं आणि म्हणाले, "अण्णा, मी भिंत बघतोय. तुम्ही सावकाश लिहा."

आम्ही तिघं सोप्यात येऊन दाराशी उभे राहिलो. दार लोटलेलं होतं. दिसत काही नव्हतं, ऐकू सगळं येत होतं.

टिक. बराच वेळ काही नाही. टिक. टिक. मग टुंग.

चन्नूनं डोळे मिटून घेतले. टुंग. टुंग. सगळंच खोडलं असावं. पुन्हा पहिल्यापासून. टिक. बाहेर अँब्युलन्सचा ड्रायव्हर कुणाशी तरी हसत बोलत होता, मी खिडकीतून त्याला गप्प राहायची खूण केली. टिक, टिक, टिक, आणि पुन्हा टुंग. आत जे उमटत होतं आणि पुसलं जात होतं त्यातलं मला काही कळत नव्हतं, आणि कळू नये असंही वाटत होतं, आणि कळल्याशिवाय जीव राहत नव्हता. अव्वानं माझा दंड इतका घट्ट धरला होता की नंतर तिथं वळ उठले. एकदा आवाज थांबले ते थांबलेच. चन्नू दाराकडे वळला, मी त्याला धरलं. आतून डॉक्टर एवढंच म्हणाले, "आहे. नाडी आहे."

मग पुन्हा टिक. आता खोडल्याचा आवाज आला नाही. टिक मागून टिक, लांब लांब अंतरानं, पण एकसारखं. आणि घंटी.

आम्ही आत गेलो. डॉक्टर अजून भिंतीकडेच तोंड करून होते, घंटी ऐकूनही. आम्ही 'वळा' म्हटल्यावर वळले. स्क्रीनवर दोन ओळी होत्या.

मशीन लावा.

चन्न्या, जे खोडलं ते मी तुला सांगितलं नव्हतं.

पहिली ओळ डॉक्टरांनी मोठ्यानं वाचली आणि ते स्ट्रेचर आणायला ओरडत बाहेर गेले. दुसरी कुणी मोठ्यानं वाचली नाही. चन्नू अण्णांच्या पावलांवर डोकं ठेवून हमसून रडला आणि अव्वा त्याच्या पाठीवर हात फिरवत म्हणत राहिली, "ऊठ, ऊठ, त्यांना न्यायचंय आता." मीही रडले. पण मला खरं म्हणजे हसूही येत होतं, कारण बाजारातले अण्णा परत आले होते.

मिरजेला वेळेत पोचलो. पुढं अण्णा त्या मशीनवर बरीच वर्षं जगले. सगळे दिवस चांगले नव्हते. काही दिवस तर इतके वाईट होते की मला त्या सकाळच्या चन्नूचं म्हणणं आठवायचं. चन्नूनं सांगितल्याप्रमाणे माग ठेवणं काढून टाकलं. त्यानंतर 'बोल' कधीमधी अडकायचा आणि का अडकला ते कधीच कळायचं नाही. बंद करून चालू करायचा, एवढंच.

आणि आमच्या घरात एक रीत पडली. टिक ऐकू आला की खोलीत असेल त्यानं स्क्रीनकडे पाठ करायची. माझी मुलं, पाहुणे, मशीन दुरुस्त करायला येणारा माणूस, सगळ्यांना ते सांगावं लागायचं. नवखे लोक गोंधळायचे, भिंतीकडे तोंड करून चहा प्यायचे. मागे टिक चालू असायचं, मधूनच टुंग, टुंग, कधी कितीतरी वेळ नुसतं टुंग. कुणी मान वळवायचं नाही. घंटी वाजली की मग वळायचं आणि अण्णा काय म्हणाले ते वाचायचं.